अल्बमकार एल्टन जॉन

एल्टन जॉन यांचे नाव काढले की डोळ्यांपुढे एक ठरलेले चित्र उभे राहते. मोठाले चष्मे, पिसांचे पोशाख, पियानोवर उलटे उभे राहण्याच्या कसरती, राजकन्या डायना यांच्या अंत्यविधीत गायलेले गाणे, ‘द लायन किंग’, आणि जगातल्या कुठल्या ना कुठल्या रेडिओवर सतत वाजत असलेली वीसेक गाणी. चित्र खरेच आहे. पण या माणसाने आयुष्यभर नेमाने जे काम केले, ते त्यात दिसत नाही. 1969 ते 2025 या काळात त्यांनी तीसहून अधिक स्टुडिओ अल्बम केले. लोकांनी त्यांतली गाणी वेचली, निवडली, संकलनांत भरली. एल्टन यांनी मात्र सुटी गाणी फार थोडी केली. बहुतेक गाणी अल्बमसाठी जन्मली, भराभर जन्मली, आणि बहुधा एकाच माणसाने एका ओघात लिहिलेल्या शब्दांवर जन्मली. हे पुस्तक अल्बमच्या क्रमाने जाते त्याचे कारण हेच. माझे म्हणणे थोडक्यात असे आहे: एल्टन जॉन यांचे संगीत समजून घ्यायचे तर अल्बम हेच मोजमाप धरावे लागते, आणि अल्बमचा कस त्यांच्या हाती पडलेल्या शब्दांच्या गठ्ठ्यावर ठरतो. गठ्ठा एका हातचा, एका काळातला आणि एका ओढीने लिहिलेला असला की अल्बम उभा राहतो. शब्द चार दिशांनी आले, किंवा चाल आधी होऊन नंतर तिच्यात बसवले गेले, की तोच गळा, तीच बोटे आणि तेच कसब असूनही अल्बम विस्कटतो.

याची सुरुवात 1967 सालची. पिनर या लंडनच्या उपनगरात 1947 मध्ये जन्मलेला रेजिनल्ड ड्वाइट तेव्हा वीस वर्षांचा होता. अकराव्या वर्षी त्याला रॉयल अकॅडमी ऑफ म्युझिकची शिष्यवृत्ती मिळाली होती, पबमध्ये पियानो वाजवून झाला होता, आणि ‘ब्लूसॉलॉजी’ या वाद्यवृंदात तो दुसऱ्यांच्या मागे वाजवत होता. लिबर्टी रेकॉर्ड्स या कंपनीने ‘न्यू म्युझिकल एक्सप्रेस’मध्ये नव्या कलावंतांसाठी जाहिरात दिली. ती वाचून ड्वाइट गेला आणि नापास झाला. चाली सुचतात, पण शब्द लिहिता येत नाहीत, असे त्याने तिथे मोकळेपणाने सांगितले. लिंकनशायरच्या खेड्यातून बर्नी टॉपिन नावाच्या सतरा वर्षांच्या मुलाने त्याच जाहिरातीला उत्तर म्हणून कविता पाठवल्या होत्या, आणि त्याला संगीत येत नव्हते. कंपनीने दोघांनाही घेतले नाही, पण टॉपिनच्या कवितांचे पाकीट ड्वाइटच्या हाती दिले. दोघांची भेट होण्याआधीच त्या शब्दांना चाली लागू लागल्या. पुढे ब्लूसॉलॉजीतला सॅक्सोफोनवादक एल्टन डीन आणि गायक लाँग जॉन बाल्ड्री यांच्या नावांतून ‘एल्टन जॉन’ हे नाव तयार झाले, दोघे डिक जेम्स यांच्या प्रकाशनसंस्थेत पगारी गीतकार-संगीतकार म्हणून लागले, आणि कामाची जी रीत त्या पाकिटाने योगायोगाने घालून दिली ती जवळजवळ सहा दशके टिकली. टॉपिन शब्द लिहून देतात. एल्टन ते कागद पियानोवर ठेवतात आणि एकटे बसून चाल लावतात. लिहिणारा त्या वेळी खोलीत नसतो. दोघांच्या कामावर 1991 मध्ये निघालेल्या गौरव-अल्बमचे नाव ‘टू रूम्स’ ठेवले गेले ते या रीतीवरूनच.

पॉप संगीतात ही रीत विरळा आहे. बहुतेक गीतलेखक गिटार किंवा पियानो घेऊन चाल गुणगुणत बसतात आणि शब्द चालीच्या साच्यात ओततात, म्हणून साचा आधीच ठरलेला असतो: इतक्या ओळींचे कडवे, मग ध्रुवपद, मग पुन्हा कडवे. टॉपिन साचा पाहून लिहीत नव्हते. ते गोष्ट लिहीत, कधी पत्र, कधी एखाद्या म्हाताऱ्याचे स्वगत. त्यातले ध्रुवपद कोणते आणि कडवे कोणते हे बऱ्याचदा एल्टन यांनीच पियानोवर बसून ठरवायचे. ‘टायनी डान्सर’ ऐकावे. ध्रुवपद यायला जवळजवळ अडीच मिनिटे लागतात. कोणत्याही हिशेबी निर्मात्याने हे होऊ दिले नसते. पण मजकुरात वर्णनच लांब होते, आणि एल्टन यांनी ते छाटण्याऐवजी चाल हळूहळू चढत नेली, म्हणून ध्रुवपद येते तेव्हा त्याची वाट पाहिलेली असते. उलट ‘डॅनियल’मधले शेवटचे कडवे त्यांनी काढून टाकले. गाण्यातला भाऊ व्हिएतनाम युद्धातून परतलेला सैनिक आहे हा उलगडा त्या कडव्यात होता. तो गेल्याने गाणे अधिक धूसर झाले, आणि माझ्या मते अधिक चांगलेही. शब्द आधी येतात म्हणजे संगीतकार शब्दांचा गुलाम होतो असे नाही. तो त्यांचा पहिला वाचक होतो, आणि एल्टन हे फार धीट वाचक आहेत.

या धिटाईला हाताशी वाद्यही तसेच होते. एल्टन यांच्या पियानोत चर्चमधल्या प्रार्थनागीतांची ठेवण आहे, अमेरिकन गॉस्पेलची आहे, लिटल रिचर्ड आणि जेरी ली लुईस यांचा दणका आहे, आणि लिऑन रसेल यांच्या वादनाचा खोल ठसा आहे. उजव्या हातात एक कॉर्ड आणि डाव्या हाताच्या खर्जात त्या कॉर्डचा मूळ स्वर सोडून दुसराच स्वर, ही त्यांची लाडकी युक्ती. तिच्यामुळे ओळ संपली तरी स्वर टेकत नाहीत. पुढे काहीतरी सांगायचे उरले आहे असे वाटत राहते. गोष्ट सांगणाऱ्या शब्दांना याहून सोयीची साथ कोणती? ओळींची लांबी कमीजास्त असली तरी अशी साथ त्यांना सामावून घेते.

आता मूळ मुद्द्याकडे. टॉपिन एकेक गाणे सुटे लिहून देत नसत. ज्या काळात जे वाचले, पाहिले, सोसले त्याचा एक जुडगा तयार होई, आणि तो जुडगा म्हणजेच पुढचा अल्बम. 1970 च्या एप्रिलमध्ये निघालेला ‘एल्टन जॉन’ हा दुसरा अल्बम लंडनच्या ट्रायडंट स्टुडिओत ध्वनिमुद्रित झाला. निर्माते गस डजेन, वाद्यवृंदरचना पॉल बकमास्टर यांची. ‘युअर साँग’ यातलेच. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये ‘टम्बलवीड कनेक्शन’ आला. टॉपिन तेव्हा ‘द बँड’ या गटाच्या पहिल्या अल्बमने भारावलेले होते, आणि अमेरिकेच्या दक्षिणेचे व पश्चिमेचे, यादवी युद्धाचे, बंदुका आणि गोदामे यांचे जग त्यांच्या वहीत गर्दी करत होते. हे शब्द लिहिले गेले तेव्हा दोघांपैकी एकानेही अमेरिकेत पाय ठेवला नव्हता. ऑगस्ट 1970 मध्ये लॉस एंजलिसच्या ‘ट्रुबॅडूर’ क्लबमधल्या कार्यक्रमाने एल्टन अमेरिकेत नावारूपाला आले, तोवर या अल्बमचे काम बव्हंशी आटोपले होते. ब्रिटिश मुलांनी पुस्तके, सिनेमा आणि तबकड्या यांतून उभा केलेला हा अमेरिकन पश्चिम आहे, म्हणून तो नकली आहे, असा आक्षेप तेव्हाही घेतला गेला. मला तो पटत नाही. ज्या प्रदेशाची ओढ आहे पण जो पाहिलेला नाही, त्याबद्दलच्या गाण्यात एक आतुरता असते, आणि या अल्बममध्ये ती पहिल्या गाण्यापासून शेवटच्या गाण्यापर्यंत टिकते. शिवाय यात एकही मोठे हिट गाणे नाही. लोकप्रिय संकलनांनी याला जवळजवळ हात लावलेला नाही, आणि तरीही एल्टन यांच्या उत्तम कामात याची गणना होते. माझ्या मुद्द्याचा हा पहिला पुरावा.

1972 मध्ये पॅरिसजवळच्या शातो देरूविल या जुन्या वाड्यातल्या स्टुडिओत ‘हाँकी शातो’ झाला. तोवर सोबत्यांची घडी बसली होती: डी मरे बासवर, नायजेल ओल्सन ड्रम्सवर, आणि गिटारवर नव्याने आलेले डेव्ही जॉनस्टन. हे तिघे वाजवत तर होतेच, पण मागच्या सुरावटीही तेच गात, आणि त्या काळच्या एल्टन यांच्या आवाजाभोवती जी उंच, काचेसारखी किनार ऐकू येते ती यांची. वाड्यात सगळे एकत्र राहत. टॉपिन शब्द लिहीत, कागद खाली येत, एल्टन सकाळी चाल लावत, बाकीचे वाद्ये उचलत, आणि दिवस मावळायच्या आत गाणे फितीवर आलेले असे. ‘रॉकेट मॅन’ यातले. हा एल्टन यांचा अमेरिकेत पहिल्या क्रमांकावर गेलेला पहिला अल्बम. तिथपासून 1975 अखेरपर्यंत, हा अल्बम आणि एक संकलन धरून, सलग सात अल्बम तिथे पोहोचले.

ऑक्टोबर 1973 मधला ‘गुडबाय यलो ब्रिक रोड’ हा या पद्धतीचा कळस. ध्वनिमुद्रण जमैकात करायचे ठरले होते. तिथला स्टुडिओ आणि परिस्थिती दोन्ही सोयीची नव्हती, म्हणून मंडळी परतली. पण किंग्स्टनच्या हॉटेलात अडकून पडलेल्या मोजक्या दिवसांत एल्टन यांनी बहुतेक चाली लावून टाकल्या होत्या. शातोमध्ये मग काम इतक्या वेगाने झाले की दोन तबकड्यांचा अल्बम भरला. ही 17 गाणी एका विषयाची नाहीत, पण त्यांचे जग एक आहे. सिनेमाचे पडदे, झगमगाट, त्यामागची फसवणूक, आणि या सगळ्यातून पुन्हा मातीकडे जायची इच्छा. सुरुवातीला अकरा मिनिटांचा एक जोडखंड आहे, त्याचा पूर्वार्ध निव्वळ वाद्यसंगीताचा. रेडिओवर वाजावे म्हणून कोणी असे करत नाही.

इथे सर्वांत वजनदार आक्षेप समोर येतो. एल्टन जॉन हे मुळात हिट गाण्यांचे धनी आहेत, अल्बम हा केवळ ती गाणी विकायचा वेष्टनाचा प्रकार, असे म्हणणारे अनेक आहेत, आणि विक्रीचे आकडे वरवर त्यांच्या बाजूचे आहेत. 1974 चे ‘ग्रेटेस्ट हिट्स’ अमेरिकेत एक कोटीहून जास्त प्रतींनी खपले. तिथे त्यांचा कोणताही स्टुडिओ अल्बम एवढा खपला नाही. पण ही गाणी हिट कशी झाली ते पाहावे. ‘युअर साँग’ अमेरिकेत आधी एका सिंगलच्या मागच्या बाजूला होते. रेडिओवाल्यांनी तबकडी उलटली. ‘टायनी डान्सर’ 1972 मध्ये सिंगल म्हणून अमेरिकेत पहिल्या चाळिसांतही गेले नाही. ‘मॅडमॅन अक्रॉस द वॉटर’ या अल्बमच्या श्रोत्यांनी ते जपले, 2000 मध्ये ‘ऑलमोस्ट फेमस’ या चित्रपटात ते आले आणि मगच ते सर्वांचे झाले. ‘बेनी अँड द जेट्स’ सिंगल म्हणून काढायला एल्टन स्वतःच राजी नव्हते. त्यांना ‘कँडल इन द विंड’ काढायचे होते. डेट्रॉइटच्या एका कृष्णवर्णीय श्रोत्यांच्या रेडिओ केंद्राने अल्बममधून ते उचलून वाजवायला सुरुवात केली, आणि ते अमेरिकेत पहिल्या क्रमांकावर गेले. कोणते गाणे हिट होईल हे ना निर्मात्याला कळत होते, ना गायकाला. हिट गाणी म्हणजे अल्बममधून लोकांनी काढलेले वेचे. वेचे आधी लिहिले आणि अल्बम त्यांच्याभोवती गुंडाळला, असे या काळात तरी क्वचितच घडले.

दुसरा आक्षेप वेगाचा. 1970 ते 1975 या सहा वर्षांत नऊ स्टुडिओ अल्बम, शिवाय एक चित्रपटसंगीत आणि एक थेट मैफलीचा अल्बम. एवढ्या धबडग्यात भरताड येणारच. आलेच आहे, ते नाकारण्यात अर्थ नाही. 1974 चा ‘कॅरिबू’ याचे सर्वांत ठळक उदाहरण. कोलोरॅडोच्या डोंगरातल्या कॅरिबू रँच या स्टुडिओत, परदेश दौरा तोंडावर असताना, नऊ-दहा दिवसांत तो उरकला गेला. गीतकार तेच, सोबती तेच, निर्माता तोच. तरी अल्बम निम्मा पोकळ आहे. मग माझे म्हणणे कोसळते का? मला वाटते, त्याला एक मर्यादा पडते आणि ती मान्य करायला हवी. शब्दांचा गठ्ठा एका हातचा असणे पुरेसे नाही. त्या हाताला काही सांगायचेही असावे लागते. ‘कॅरिबू’च्या शब्दांत टॉपिन यांच्याकडे सांगायला एखाद-दुसरीच गोष्ट होती. ‘डोंट लेट द सन गो डाऊन ऑन मी’ त्यातून निघाले, आणि बाकी जागा थट्टेने भरून काढली गेली. वेग दोषी असता तर ‘गुडबाय यलो ब्रिक रोड’ही फसायला हवा होता.

आणि ‘कॅरिबू’नंतर लगेच काय झाले? मे 1975 मध्ये आलेला ‘कॅप्टन फँटॅस्टिक अँड द ब्राऊन डर्ट काऊबॉय’. ज्यांना एल्टन जॉन यांचा एकच अल्बम ऐकायचा आहे त्यांना मी हा देईन. टॉपिन यांनी यात दोघांची स्वतःची गोष्ट लिहिली: साठच्या दशकाच्या अखेरीस लंडनमध्ये काढलेले कडकीचे दिवस, दुसऱ्यांसाठी पाडलेली सवंग गाणी, प्रकाशकांचे उंबरे, अपयश. गाणी घटनाक्रमाने लावली आहेत. एल्टन यांनी बऱ्याच चाली इंग्लंडहून न्यूयॉर्कला जाणाऱ्या ‘फ्रान्स’ या बोटीवर लावल्या. ‘समवन सेव्ह्ड माय लाइफ टुनाइट’ हे यातले गाणे एल्टन यांनी न पटणाऱ्या लग्नाच्या काचात जीव द्यायचा प्रयत्न केला त्या रात्रीचे आहे. ज्याच्यावर प्रसंग आला तो गातो, पण शब्द त्याच्या मित्राने लिहिलेले. दुसऱ्याच्या नजरेतून आपले दुःख वाचणे आणि मग ते आपल्या गळ्यातून काढणे, अशी काहीशी विलक्षण गोष्ट इथे घडते. गाणे पावणेसात मिनिटांचे आहे, आणि रेडिओसाठी ते कापायला एल्टन यांनी नकार दिला. अमेरिकेच्या बिलबोर्ड यादीत थेट पहिल्या क्रमांकावर दाखल झालेला हा पहिला अल्बम. त्या जूनमध्ये लंडनच्या वेम्बली स्टेडियममध्ये एल्टन यांनी तो अख्खा, क्रमाने वाजवला. अनेक श्रोत्यांना ओळखीची गाणी हवी होती, ते उठून गेले. व्यवहार म्हणून तो निर्णय चुकला असेल. पण आपण काय केले आहे हे कलावंताला नीट ठाऊक होते, एवढे त्यावरून नक्की कळते.

पुढच्या पाच वर्षांत जे घडले त्याला मी प्रयोगच म्हणेन, कारण त्यात एकेक गोष्ट काढून घेतली गेली आणि परिणाम पाहता आला. 1975 मध्येच एल्टन यांनी मरे आणि ओल्सन यांना दूर केले. 1976 चा ‘ब्लू मूव्ह्ज’ हा दुहेरी अल्बम टॉपिन यांच्या मोडत्या संसाराच्या काळोखात लिहिलेला आहे. तो लांबला आहे, जड आहे, पण एकसंध आहे, आणि त्याला मिळाले त्याहून जास्त मोल मिळायला हवे होते. त्यातले सर्वांत गाजलेले ‘सॉरी सीम्स टु बी द हार्डेस्ट वर्ड’ मात्र अपवाद: तिथे चाल आधी सुचली. त्याच वर्षीचे किकी डी यांच्यासोबतचे द्वंद्वगीतही चालीवर बेतलेले. एखाद्या गाण्यापुरती उलटी रीत चालून जाते, हे मला मान्य आहे. अल्बमभर काय होते ते 1978 च्या ‘अ सिंगल मॅन’मध्ये ऐकू येते. टॉपिन तेव्हा अॅलिस कूपर यांच्यासाठी लिहीत होते. नवे गीतकार गॅरी ऑस्बर्न एल्टन यांच्या तयार चालींवर शब्द बसवत. ऑस्बर्न हे चांगले कारागीर, चाली गोड आहेत, वादन स्वच्छ आहे. पण गाणी एकमेकांच्या शेजारी बसलेली अनोळखी माणसे वाटतात. लक्षात राहते ते ‘साँग फॉर गाय’, जे जवळजवळ शब्दांविनाच आहे. शब्दांनी वाट दाखवली नाही तेव्हा एल्टन यांचा हात आपसूक वाद्यसंगीताकडे वळला, आणि तेच खरे निघाले. पुढच्याच वर्षी ‘व्हिक्टिम ऑफ लव्ह’ आला: डिस्कोची लाट, पीट बेलॉट यांची निर्मिती, गाणी इतरांची, आणि एल्टन यांनी फक्त आवाज दिला, पियानोला बोटही लावले नाही. त्यांच्या यादीतला हा सर्वांत निर्जीव अल्बम आहे, आणि याबाबत सहसा कोणाचे दुमत नसते. 1980 च्या ‘21 अॅट 33’ मध्ये टॉपिन परतले, पण अनेकांपैकी एक म्हणून. चार-पाच गीतकारांचे शब्द एका तबकडीवर. काही गाणी उत्तम आहेत. अल्बम मात्र नाही.

1983 मध्ये ‘टू लो फॉर झीरो’साठी सर्व शब्द पुन्हा टॉपिन यांचे, आणि मरे, ओल्सन, जॉनस्टन तिघेही परत. निर्माते ख्रिस थॉमस. ‘आय अ‍ॅम स्टिल स्टँडिंग’ आणि ‘आय गेस दॅट्स व्हाय दे कॉल इट द ब्लूज’ एकाच अल्बममध्ये आली, आणि त्यांच्या मधली गाणीही त्याच ताकदीने उभी आहेत. इतका नेमका पुरावा कलेच्या इतिहासात क्वचित हाती लागतो.

तरी 1986 चा ‘लेदर जॅकेट्स’ आडवा येतोच. शब्द जवळपास सगळे टॉपिन यांचे, निर्मितीला खुद्द गस डजेन परत आलेले, आणि अल्बम इतका फसलेला की एल्टन स्वतः त्याला आपला सर्वांत वाईट म्हणतात. याचे उत्तर दोन गोष्टींत आहे. एक उघड आहे: कोकेनचे व्यसन तेव्हा टोकाला गेले होते, आणि जो वाचकच शुद्धीवर नाही त्याच्यापुढे कोणताही कागद ठेवा. दुसरी कमी बोलली जाते. त्या अल्बममध्ये खऱ्या पियानोची जागा बव्हंशी इलेक्ट्रिक पियानो आणि सिंथेसायझर यांनी घेतली आहे. शब्दांपासून चालीपर्यंतचा एल्टन यांचा रस्ता लाकूड, तार आणि हातोडी यांच्या प्रतिसादावरून जातो. तो प्रतिसाद सपाट झाला की शब्दांचा अर्थही सपाट होतो. याला जोडून 1989 चा ‘स्लीपिंग विथ द पास्ट’ ठेवावा. व्यसन सुटलेले नव्हते, ते 1990 मध्ये सुटले. पण टॉपिन यांनी साठच्या दशकातल्या सोल संगीताच्या आठवणींवर पूर्ण गठ्ठा बेतला होता, आणि एल्टन यांना धरायला काहीतरी मिळाले. ‘सॅक्रिफाइस’ त्यातले, ब्रिटनमध्ये एकट्याच्या नावावरचे त्यांचे पहिले क्रमांक एकचे गाणे, तेही वर्षभर उशिरा, 1990 मध्ये.

‘द लायन किंग’चे काय, असे विचारले जाते. 1994 चे ते यश टॉपिन यांच्याविना आले आणि ऑस्कर घेऊन आले. पण तिथेही गीतकार टिम राइस यांनी आपली सवय मोडली. अँड्र्यू लॉइड वेबर यांच्यासोबत ते सहसा चालीवर शब्द लिहीत. एल्टन यांच्यासाठी त्यांनी शब्द आधी दिले. शिवाय गोष्ट एकच, पात्रे ठरलेली, म्हणजे गठ्ठा बांधलेलाच. ‘कँडल इन द विंड’ 1997 मध्ये डायना यांच्यासाठी नव्या शब्दांनी गायले गेले आणि तीन कोटींहून अधिक प्रती विकल्या गेल्या. ती घटना मोठी. पण त्याच महिन्यात निघालेल्या ‘द बिग पिक्चर’ या अल्बमबद्दल ती काहीच सांगत नाही, आणि तो अल्बम कंटाळवाणाच आहे.

2001 पासूनच्या अल्बमांकडे मराठी वाचकाने विशेष लक्ष द्यावे असे मला मनापासून वाटते, कारण यांतली गाणी आपल्यापर्यंत फारशी पोहोचलेलीच नाहीत. ‘साँग्ज फ्रॉम द वेस्ट कोस्ट’मध्ये एल्टन यांनी तरुण गायक रायन अॅडम्स यांचे साधे ध्वनिमुद्रण ऐकून स्वतःच्या जुन्या पद्धतीकडे वळायचे ठरवले: पियानो, बास, ड्रम्स, बकमास्टर यांची तंतुवाद्ये. टॉपिन यांचे शब्द आता पन्नाशीतल्या माणसाचे होते, आणि त्यांत द्वेषातून मारल्या गेलेल्या मॅथ्यू शेपर्ड या समलिंगी तरुणाबद्दलचे गाणेही होते. 2006 चा ‘द कॅप्टन अँड द किड’ 1975 ची गोष्ट पुढे नेतो, आणि मुखपृष्ठावर दोघेही आहेत. 2010 च्या ‘द युनियन’मध्ये एल्टन यांनी विस्मरणात गेलेल्या लिऑन रसेल यांना शेजारी बसवले आणि आपले ऋण उघडपणे फेडले. 2013 च्या ‘द डायव्हिंग बोर्ड’मध्ये पियानो इतका मोकळा आहे की कधी कधी गाणे थांबते आणि नुसते वाद्यच बोलते. यांतली गाणी हिट झाली नाहीत म्हणून हे अल्बम दुय्यम, असे म्हणणारा माणूस बाजार मोजतो आहे. आवाज खाली उतरला आहे हे खरे. 1987 च्या घशाच्या शस्त्रक्रियेनंतर तो वरचा निसरडा स्वर गेलाच. पण उतरलेल्या आवाजाला शब्दांवर थांबावे लागते, आणि या शब्दांवर थांबल्याने फायदाच होतो. 2021 चे ‘कोल्ड हार्ट’ जुन्या चार अल्बममधले तुकडे जोडून बनले आणि ब्रिटनमध्ये पहिल्या क्रमांकावर गेले, हेही इथे नोंदवण्याजोगे: वेचे काढणे अजून चालू आहे. ब्रँडी कार्लाइल यांच्यासोबतच्या 2025 मधल्या ‘हू बिलीव्ह्ज इन एंजल्स?’ मध्ये शब्द टॉपिन आणि कार्लाइल दोघांचे आहेत, काम ठरवून वीस दिवसांत केलेले आहे, आणि घाई व एकत्र राहणे या जुन्या अटी त्यात पुन्हा पाळलेल्या दिसतात.

शेवटचा आक्षेप टॉपिन यांच्या बाजूने घेतला जाईल: अल्बमचा कस शब्दांनी ठरत असेल तर हे पुस्तक एल्टन जॉन यांच्यावर का? कारण टॉपिन यांचे शब्द कागदावर पुष्कळदा अडखळतात. प्रतिमा गोंधळतात, संदर्भ तुटतात. ‘टेक मी टु द पायलट’चा अर्थ आपल्यालाही सांगता येणार नाही, असे ते स्वतः म्हणाले आहेत. या शब्दांना जे एकत्र धरते ते एल्टन यांचे वाचन. अर्थ न कळलेल्या ओळीतलीही कळ त्यांच्या बोटांना कळते. 2023 मध्ये टॉपिन यांना रॉक अँड रोल हॉल ऑफ फेममध्ये स्थान मिळाले, एल्टन यांच्यानंतर 29 वर्षांनी. अंतर फार होते, सन्मान योग्य होता.

वाचकांना एक विनंती. हे पुस्तक वाचताना संकलने बाजूला ठेवावीत. सुरुवात ‘टम्बलवीड कनेक्शन’ने करावी, मग ‘कॅप्टन फँटॅस्टिक’, आणि त्यानंतर मुद्दाम ‘अ सिंगल मॅन’. शब्द समोर ठेवून, पहिल्या गाण्यापासून शेवटच्यापर्यंत, मध्ये काही न गाळता. तिन्ही ऐकून माझे म्हणणे पटले नाही तर पुढची प्रकरणे त्या मतभेदासकट वाचावीत, पण गाण्यांचा क्रम मात्र बदलू नये.